धागा : बेल्लिस्सिमामधली ती एडिटिंगवाली मुलगी – लिलियाना मान्चिनी

रोजनिशी

परवा रात्री इटालियन दिग्दर्शक व्हिस्कोन्तीचा 'बेल्लिस्सिमा' (1951) चौथ्यांदा पाहिला. पहिल्या तिन्ही वेळा मी आन्ना मान्यानीच पाहत होते. ती पडद्यावर असली की दुसरीकडे नजर जातच नाही. यावेळी मात्र एका लहानशा प्रसंगावर अडकले. दोन दिवस झाले, डोक्यातून जात नाहीये, म्हणून इथे लिहितेय.

ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. युद्धानंतरचं रोम. मद्दालेना (मान्यानी) घरोघरी जाऊन इंजेक्शनं देते आणि त्यावर संसाराला हातभार लावते. एका सिनेमासाठी लहान मुलगी हवी अशी जाहिरात निघते आणि ही बाई आपल्या पाच-सहा वर्षांच्या मारियाला घेऊन चिनेचित्ताला, म्हणजे रोमच्या मोठ्या फिल्म स्टुडिओत, जाते. फोटो, नाचाचा क्लास, नवीन फ्रॉक, वशिल्यासाठी एकाच्या हातावर ठेवलेले 50,000 लिरा (त्यातून तो पठ्ठ्या स्वतःसाठी स्कूटर घेतो!), सगळं पणाला लावते. शेवटी मुलीची स्क्रीन टेस्ट होते आणि ती कशी झाली हे बघायला मद्दालेना एडिटिंगच्या खोलीत शिरते.

तिथे काम करणारी एक तरुण मुलगी आहे. नाव इरिस. मद्दालेना तिच्याकडे बघते, पुन्हा बघते आणि ओळखते. अहो, तुम्ही सिनेमात होतात ना! मुलगी हो म्हणते आणि मग सांगते, अगदी साध्या आवाजात, की एकदोनदा मला घेतलं कारण त्यांना हवी होती तशी मी होते. मला वाटलं आता आपण नटी झालो. त्या नादात हातची नोकरी गेली, लग्न ठरलेला मुलगा गेला. आता इथे फिल्म कापते.

आता यातली गोष्ट अशी की ही इरिस म्हणजे लिलियाना मान्चिनी, आणि ती खरोखरच सिनेमात होती. रेनातो कास्तेल्लानीच्या 'सोत्तो इल सोले दि रोमा' (1948), म्हणजे 'रोमच्या उन्हात', या चित्रपटाची ती नायिका. त्यातली सगळी पोरं रस्त्यावरून उचललेली, कुणीच शिकलेला नट नव्हता. युद्धाच्या काळात सान जोव्हान्नी भागात उंडारणारा सिरो, आणि त्याच्यावर जीव लावणारी शेजारची मुलगी. सिरो भलतीकडे वाहवत जातो, ही थांबून राहते. त्या मुलीचं नाव इरिस.

म्हणजे बघा, तीन वर्षांनी व्हिस्कोन्तीने तिला पुन्हा बोलावलं ते ही गोष्ट सांगायला, आणि तेव्हाही तिला नाव दिलं ते जुन्या भूमिकेचंच. आज तिचं नाव घेतलं जातं ते या दोन चित्रपटांपुरतंच. पहिल्यात ती नायिका आहे, दुसऱ्यात नायिका होऊन गेलेली मुलगी.

मला तिच्याबद्दल वाटतंय ते नीट मांडता येत नाहीये. कीव नाही ती. तुम्हाला कुणाला हा प्रसंग आठवतो का?

तिकीटबारी

आठवतो म्हणजे! माझ्या मते अख्ख्या नववास्तववादावरची (साध्या माणसांना घेऊन साधं जगणं दाखवणारा युद्धानंतरचा इटालियन सिनेमा) सगळ्यात खरी टीका त्या दोन मिनिटांत आहे, आणि ती आतल्याच माणसांनी केलेली आहे. 'बेल्लिस्सिमा'ची मूळ कथा झावात्तिनीची. 'सायकल चोर' लिहिणारा, नट नकोत, रस्त्यावरची माणसं घ्या म्हणून कंठशोष करणारा तोच झावात्तिनी. आणि व्हिस्कोन्तीने 1948 मध्ये 'ला तेर्रा त्रेमा' केला तो सिसिलीतल्या आची त्रेझ्झा गावच्या कोळ्यांना घेऊन. दोघांनीही अशी माणसं कॅमेऱ्यापुढे आणली होती. नंतर त्यांचं काय होतं हा प्रश्न स्वतःला विचारल्याशिवाय हा प्रसंग लिहून झाला नसता.

'सायकल चोर'मधला बाप, लाम्बेर्तो माज्जोरानी, ब्रेदा कारखान्यातला कामगार. चित्रपट जगभर गाजला, हा परत कारखान्यात गेला आणि कामगारकपातीत त्याची नोकरी गेली. पुढे किरकोळ भूमिकांसाठी उंबरे झिजवत राहिला.

मधली सुट्टी

'रोमच्या उन्हात'मध्ये आल्बेर्तो सोर्दीपण आहे ना छोट्या कामात? संगीत नीनो रोताचं. माझ्या आठवणीत राहिलाय तो जेप्पा, सिरोचा अनाथ मित्र. तो नट म्हणजे फ्रांचेस्को गोलिझानो. पुढे 'सायकल चोर'वाल्या दे सिकाच्या 'मिलानमधला चमत्कार' (1951) मधला भोळा तोतो तोच!

आणि हे आपल्याकडच्यांना सांगायलाच हवं : जानेवारी 1952 मध्ये मुंबईत आपला पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला, त्यात 'सायकल चोर' आणि 'रोम, ओपन सिटी'बरोबर 'मिलानमधला चमत्कार'ही होता. म्हणजे लिलियानाबरोबर ज्या पोराने पहिलं काम केलं, त्याचा चेहरा आपल्या आजोबांच्या पिढीने मुंबईत पडद्यावर पाहिलाय. बिमल रॉय तो महोत्सव पाहून भारावले आणि पुढच्या वर्षी 'दो बिघा जमीन' आला, हे तर सगळ्यांना माहीत आहे. गोलिझानो 1958 मध्ये गेला. तिशीही गाठली नव्हती.

रोजनिशी

@मधली सुट्टी, हे तोतोचं माझ्या लक्षातच आलं नव्हतं. आता 'मिलान' पुन्हा बघताना त्याच्या शेजारी मला ती दिसत राहणार.

जुनं रीळ

मी इथे सहसा वाचतोच, लिहीत नाही. पण हा विषय माझ्या खोलीतला आहे. मी मुंबईत एकवीस वर्षं असिस्टंट एडिटर होतो, फिल्मच्या जमान्यात. म्हणून त्या मुलीच्या जागेवरून दोन गोष्टी सांगतो.

35 एमएमच्या एका फुटात सोळा फ्रेम. सेकंदाला चोवीस. हजार फुटांचं रीळ म्हणजे साधारण अकरा मिनिटं. पांढरे सुती हातमोजे घालून आम्ही ती पट्टी बोटांतून सोडायचो, मुव्हिओलावर, म्हणजे फिल्म बघत कापायच्या यंत्रावर, पुढे-मागे करायचो. कट कुठे घ्यायचा तिथे पिवळ्या मेणाच्या पेन्सिलीने खूण. मग कापायचं, ब्लेडने कडेचं इमल्शन (चित्राचा थर) खरवडायचं, ब्रशने फिल्म चिकटवायचं सिमेंट लावायचं आणि दाबून धरायचं. उरलेले तुकडे फेकायचे नाहीत. कापडाचं अस्तर लावलेल्या डब्यावर दांडी असते, तिला खिळे असतात, त्यांवर नंबर घालून टांगून ठेवायचे. दिवसभर मान खाली, आणि आजूबाजूला माणसांचे चेहरे टांगलेले.

त्या खोलीत बसलं की चेहऱ्याचं काय होतं ते कळतं. एकच मुलगी तुम्ही दिवसात दोनशे वेळा हसताना पाहता. कुठल्या फ्रेमला तिचं हसू खोटं झालं ते तुम्हाला कळतं, तिला कधीच कळत नाही. आणि मग एक दिवस वरून निरोप येतो, सिनेमा लांबला आहे, अमुक ट्रॅक (उपकथा) काढा. मी एका मुलीचं अख्खं काम असं काढलेलं आहे. सहा प्रसंग होते. ट्रायल शोच्या दिवशी ती आई-वडिलांना, धाकट्या भावाला घेऊन आली होती, नवीन साडी नेसून. कुणी तिला आधी सांगितलं नव्हतं. सांगायला हवं होतं, आणि माझ्याकडे तिचा फोन नंबर होता. मध्यंतरात ती माझ्यासमोरून गेली, मी खाली बघितलं.

म्हणून सांगतो, व्हिस्कोन्तीने त्या मुलीला एडिटिंगच्या खोलीत बसवलं, ते उगाच नाही. कपड्यांच्या खात्यात बसवलं असतं, मेकअपमध्ये बसवलं असतं, तरी गोष्ट सांगून झाली असती. पण ती आता त्या टेबलावर बसली आहे जिथे तिच्यासारख्या मुली ठेवायच्या की काढायच्या ते ठरतं. ठरवणारी ती नाही. कापणारी ती आहे.

गच्ची

@जुनं रीळ, तुमचा प्रतिसाद वाचून बराच वेळ काही सुचलं नाही. लिहीत जा हो, कृपया.

त्या प्रसंगाचा पुढचा भागपण कुणीतरी लिहायला हवा. इरिस आधी नाही म्हणते आणि मग या मायलेकींना प्रोजेक्शनच्या खोलीत घेऊन जाते, नियम मोडून. तिथल्या छोट्या खिडकीतून मद्दालेना पोरीला उचलून धरते. खाली पडद्यावर मारिया केकवरच्या मेणबत्त्या फुंकतेय, विझत नाहीत, कविता म्हणताना अडखळते आणि भोकाड पसरते. आणि अंधारात बसलेले ते सगळे पुरुष हसत सुटतात. मान्यानीचा चेहरा तेव्हा जो होतो!

मला नेहमी वाटतं, इरिसने ती खिडकी दाखवली नसती तर शेवट वेगळा झाला असता. कारण टेस्ट पाहून मारियाची निवड होते! करार घेऊन लोक घरी येतात. आणि मद्दालेना नाही म्हणते. तिने ते हसू ऐकलंय म्हणून. म्हणजे त्या एडिटिंगवाल्या मुलीने एका पोरीला वाचवलं, स्वतःला वाचवता आलं नव्हतं तरी.

सुरपेटी

थोडं अवांतर, पण राहवत नाही. 'बेल्लिस्सिमा'मध्ये दिग्दर्शक म्हणून जो माणूस येतो तो आलेस्सांद्रो ब्लासेत्ती, स्वतःच स्वतःच्या नावाने. आणि त्याच्या प्रवेशाला जी धून वाजते ती दोनिझेत्तीच्या 'एलिझिर दामोरे' या ऑपेरातली, गावोगाव फिरून खोटं औषध विकणाऱ्या वैदूची! ब्लासेत्तीला हे कळल्यावर वाईट वाटलं होतं म्हणे. चित्रपटाच्या सुरुवातीला समूहगायन आहे तेही त्याच ऑपेरातलं. व्हिस्कोन्ती ऑपेराचा माणूस, त्याला काय म्हणायचंय ते तो वाद्यवृंदातून म्हणतो.

तिकीटबारी

मला एक वेगळी बाजू मांडायची आहे. आपण सगळे 'बिचारी' म्हणायच्या बेतात आहोत (रोजनिशी, तुम्ही नाही म्हणालात, ते आवडलं). पण 'हातची नोकरी गेली' या वाक्याचं वजन त्या काळात काय होतं ते पाहा.

15 जानेवारी 1951. रोममधल्या व्हिया साव्होइयावर एका टायपिस्टच्या जागेसाठी जाहिरात आली होती. जागा एक. आल्या जवळपास दोनशे मुली. जिन्यावर रांग लागली, रेटारेटी झाली आणि जिना कोसळला. एक मुलगी मेली, कित्येक जखमी झाल्या. 'बेल्लिस्सिमा' त्याच वर्षीचा. पुढच्या वर्षी ज्युझेप्पे दे सान्तिसने त्या घटनेवर 'रोमा ओरे 11' केला. त्यासाठी एलिओ पेत्री नावाच्या तरुण पत्रकाराने त्या मुलींना भेटून माहिती गोळा केली होती. पुढे तो स्वतः मोठा दिग्दर्शक झाला.

ज्या शहरात एका टायपिस्टच्या जागेसाठी जिना कोसळतो, तिथे हातची नोकरी सोडून सिनेमात जाणं आणि मग सिनेमाने दार लावून घेणं, हे काय असतं! चिनेचित्ता तरी काय होतं तेव्हा? 1937 मध्ये मुसोलिनीच्या राजवटीत उभं राहिलं, युद्धानंतर तिथे निर्वासितांची छावणी होती. मग अमेरिकन 'क्वो व्हादिस'चं चित्रीकरण आलं आणि हजारो लोक रोजंदारीवर गर्दीत उभं राहायला गेले. रोमच्या गरिबाला सिनेमा म्हणजे स्वप्न होतं हे खरंच, पण त्याआधी ती मजुरी होती.

आणि दुसरा रस्ता सौंदर्यस्पर्धांचा. 1947 ची मिस इतालिया लुचीया बोझे, मिलानच्या मिठाईच्या दुकानात काम करणारी मुलगी. त्याच स्पर्धेत जीना लोल्लोब्रिजिदा तिसरी आली. सिल्व्हाना मांगानो त्याच्या आदल्या वर्षी मिस रोम. या मुलींच्या मागे निर्माते होते, फोटो होते, मासिकं होती. लिलियानाला निवडलं ते ती शेजारच्या घरातली वाटते म्हणून. आणि शेजारच्या घरात दुसऱ्या चित्रपटासाठी दुसरी मुलगी मिळतेच. कास्तेल्लानीनेच 'दुए सोल्दी दि स्पेरान्झा' (1952) साठी मारिया फिओरेला आणलं, जेमतेम सोळा वर्षांची. त्या चित्रपटाला कान चित्रपट महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार विभागून मिळाला. फिओरे पुढे टिकली हे तिचं भाग्य.

मधली सुट्टी

'पैझा' (1946) मधल्या कार्मेलाला विसरू नका. कार्मेला साझिओ. रोस्सेल्लिनीला ('रोम, ओपन सिटी'चा दिग्दर्शक) सिसिलीचा भाग मायोरीला, म्हणजे नेपल्सच्या खाली, चित्रित करताना हवी होती ती मुलगी. अमेरिकन शिपायाला आणि तिला एकमेकांची भाषा येत नाही. तो घरच्यांचा फोटो दाखवायला लायटर पेटवतो आणि त्या उजेडावर नेम धरून जर्मन गोळी येते. ती त्याची बंदूक उचलते. शेवटी ती खडकांवर मरून पडलेली आहे, आणि अमेरिकनांना वाटतं आपल्या माणसाला हिनेच मारलं. तिचा सिनेमा इतकाच. पण तो राकट, संशयी चेहरा मी विसरलेलो नाही.

गच्ची

मग मी मारिया पिया काझिलिओबद्दल लिहिते. दे सिकाच्या 'उम्बेर्तो डी.' (1952) मधली मोलकरीण. आब्रुत्झोतल्या सान पिओ देल्ले कामेरे गावची, जन्म 1935, म्हणजे तेव्हा सोळा-सतराची.

पहाटेचा प्रसंग. ती झोपेतून उठते, स्वयंपाकघरात येते. भिंतीवर काडी ओढते, गॅस पेटवते. भिंतीवर मुंग्या आहेत, त्यांच्यावर पाणी उडवते. स्वतःच्या पोटाकडे बघते. दिवस गेलेत, बाप दोन शिपायांपैकी कोण ते तिलाच ठाऊक नाही. मग खुर्चीवर बसून मांडीत कॉफीची चक्की धरून दळायला लागते. डोळ्यांतून पाणी येतंय, दळणं थांबत नाही. आणि बसल्या बसल्या पाय लांब करून, अगदी चवड्यापर्यंत ताणून, दार लोटते.

फ्रेंच समीक्षक आन्द्रे बाझँसकट सगळ्यांनी या प्रसंगावर लिहिलंय, पण ते लिहिणं दे सिका आणि झावात्तिनीबद्दल असतं. मला त्या पायाबद्दल बोलायचंय. माझी आई पुण्यात चार घरी धुणंभांडी करायची, सुट्टीत मी बरोबर जायचे. पायाने दार लोटणं ही हात गुंतलेल्या बाईची सवय आहे. उठायचं म्हटलं तर मांडीवरचं खाली ठेवावं लागतं, पुन्हा घ्यावं लागतं. आई असंच लोटायची, मांडीत परात असताना. घरमालकीण झोपलीये, आवाज जाऊ नये म्हणून. दिग्दर्शकाने सांगितलं असेल 'पायाने दार लाव'. पण तो चवडा कसा ताणायचा, शेवटच्या बोटभर अंतराला कसं थांबायचं, ते त्या मुलीच्या अंगातलं आहे. त्याला अभिनय म्हणा, नाहीतर काहीही म्हणा. श्रेय तिचं आहे.

तिला पुढे कामं मिळाली. फ्रेंच दिग्दर्शक कार्नेच्या 'तेरेझ राकाँ' (1953) मध्ये हॉटेलातली मोलकरीण! 'पाने, आमोरे ए फान्ताझिया' (1953) मध्ये पाद्रीबुवांची भाची, आणि तिथे समोर पोलीस अधिकारी म्हणून खुद्द दे सिका. तो चित्रपट तुफान चालला. 'उम्बेर्तो' पडला होता, आणि आन्द्रेओत्ती तेव्हा सरकारात होते, त्यांनी दे सिकाला जाहीर पत्र लिहून खडसावलं होतं. लोकांना हसरा गाव हवा होता. मुलगी मात्र त्याच साच्यात राहिली, मोलकरीण नाहीतर खेड्यातली पोर. पुढे तिने ज्युझेप्पे रिनाल्दीशी लग्न केलं. हा डबिंगचा मोठा कलावंत, इटलीत पॉल न्यूमन आणि ब्रँडो बोलायचे ते याच्या आवाजात. मग ती हळूहळू सिनेमातून बाजूला झाली. 2012 मध्ये गेली.

सुरपेटी

डबिंगचा मुद्दा मोठा आहे, गच्ची. इटलीत तेव्हा चित्रीकरणाच्या वेळचा आवाज सहसा वापरायचे नाहीत, नंतर स्टुडिओत भरायचे. त्यामुळे चेहरा एकाचा आणि आवाज दुसऱ्याचा ही रोजची गोष्ट. क्लाउदिया कार्दिनालेसारख्या नटीचा स्वतःचा आवाज लोकांनी पहिल्यांदा ऐकला तो फेल्लिनीच्या '8½' मध्ये, 1963 साली. तोवर ती स्टार झालेली होती. मग रस्त्यावरून आणलेल्या पोरांचं काय घेऊन बसलात! फक्त चेहरा घ्यायची सोय त्या पद्धतीतच होती.

जुनं रीळ

सुरपेटींशी सहमत. त्यात एक भर. आवाज परका असला तर एडिटर चेहरा आणखी निर्दयपणे कापतो. तोंड मिटलं की कट. श्वास दिसत नाही.

@गच्ची, तुमच्या आईंचं वाचलं. तो पायाचा शॉट कुणी दोन सेकंदांनी छोटा केला असता तर? एका साध्या निर्णयाची गोष्ट आहे. ज्याने तो शॉट पूर्ण ठेवला त्या एडिटरला माझा नमस्कार.

रोजनिशी

सगळ्यांचे मनापासून आभार. पहिल्या पोस्टमध्ये मला जे सांगता येत नव्हतं ते गच्चीने पायावरून सांगितलं. या मुलींची कारकीर्द छोटी होती म्हणून त्यांनी केलेलं काम छोटं होत नाही, आणि ते काम दिग्दर्शकाच्या खात्यात जमा करून टाकणं मला पटत नाही. लिलियाना मान्चिनीने दुसऱ्यांदा कॅमेऱ्यासमोर उभं राहून आपलीच नामुष्की सांगितली, तीही रडून नाही, तर हातातलं काम न सोडता, जवळजवळ कोरडेपणाने. मान्यानीसारखी बाई समोर असताना! मान्यानी त्या प्रसंगात गप्प होते. तिला गप्प करणं सोपं नव्हतं.

आता एक काम. पुढच्या रविवारी आमच्या घरी सहा-सात जण जमून दोन्ही चित्रपट ओळीने बघणार आहोत, आधी 'रोमच्या उन्हात', मग 'बेल्लिस्सिमा'. माझी आई पण येणार, तिला इंग्रजी सबटायटल्स झेपत नाहीत, म्हणून मी इरिसच्या संवादांचं मराठी करून कागदावर देतेय. एका जागी अडलेय. निवड करणाऱ्यांचा शब्द असतो 'तिपो'. त्यांना हवा असलेला तिपो मी होते, असं ती म्हणते. मराठीत काय लिहू? 'त्यांना हवा तसा नमुना' बरा वाटत नाही.

मधली सुट्टी

'त्यांच्या साच्यात बसणारी'?

तिकीटबारी

साचा म्हटलं की ती आधीपासून तक्रार करतेय असं होतं. ती तक्रार करत नाहीये. 'त्यांना हवी होती तशी मी होते', तुम्ही पहिल्या पोस्टमध्ये लिहिलंत तेच ठेवा.

गच्ची

तेच ठेव गं. फक्त 'तेव्हा' घाल. 'तेव्हा त्यांना हवी होती तशी मी होते.' आणि रविवारी किती वाजता ते कळव, मी आईला घेऊन येते.